बायोडायनॅमिक शेत दोघांना झेपेल का? आधी गोठ्याचा हिशेब करा

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: तुम्ही दोघं, पाच एकर जमीन हाताशी, शेतीचा अनुभव परसबागेपुरता, आणि बायोडायनॅमिक पद्धतीनं, म्हणजे रसायनांशिवाय, शेतातल्याच खतावर आणि काही खास मिश्रणं वापरून, शेत चालवायचं मनात आहे. दिवस कसा जातो, शिंगखत (गायीच्या शिंगात शेण भरून जमिनीत मुरवलेलं खत) आणि चंद्राचं पेरणीचं वेळापत्रक सांभाळण्यात किती वेळ लागतो, त्याचा खरंच उपयोग होतो का, आणि यावर घर चालतं का, असं तुम्ही विचारलंय. मी आणि माझा नवरा बावीस वर्षं असंच शेत चालवतोय. तुमच्याएवढंच, पाच एकरांचं. म्हणून जे हातून गेलंय तेवढंच लिहिते.

सुरुवात आमच्या वहीपासून करते. कुठल्या कामाला किती वेळ गेला, हे आम्ही रोज रात्री दोन ओळींत टिपून ठेवतो. गोठ्याचं काम, म्हणजे धारा, वैरणपाणी, शेण काढणं, खालचं अंथरूण बदलणं, याला रोजचे दोन तास. वर्षाचे ७३० तास झाले, आणि यात सुट्टी धरलेली नाही, कारण ती नसतेच. खताचे ढीग रचणं, परतणं, शेतात वाहून नेणं यात साधारण दीडशे तास जातात. आणि ज्याबद्दल प्रत्येक जण आधी विचारतो ती मिश्रणं, म्हणजे शिंगं भरणं, पुरणं, काढणं, ढवळणं, फवारणं, सगळं धरून वर्षाला पंचवीस तासांच्या आसपास. बाकीची पेरणी, खुरपणी, पाणी, काढणी कुठल्याही भाजीपाल्याच्या शेतावर असते तशीच. तेव्हा ‘बायोडायनॅमिक झेपेल का’ हा प्रश्न तुमच्यापुरता बाजूला ठेवा आणि ‘गोठा झेपेल का’ हे एकमेकांना विचारा. सगळं त्यावर उभं आहे.

गोठ्यालाच इतकं महत्त्व का, हे समजायला या पद्धतीच्या उगमाकडे जावं लागतं. १९२४ च्या जूनमध्ये ब्रेस्लाऊजवळच्या कोबरविट्झ या गावी (आज ते पोलंडमध्ये आहे) एका जहागिरीवर ऑस्ट्रियन विचारवंत रुडॉल्फ स्टायनर यांनी शेतकऱ्यांपुढे आठ व्याख्यानं दिली. बी पूर्वीसारखं जोमदार राहिलं नाही, जनावरं लवकर खचतात, अशी त्या शेतकऱ्यांची तक्रार होती. पुढच्या मार्चमध्ये स्टायनर वारले, आणि ‘बायोडायनॅमिक’ हे नावसुद्धा नंतर रूढ झालं. त्या व्याख्यानांतला एक विचार मला रोज उपयोगी पडतो: शेत हा एक अख्खा जीव आहे, आणि त्याला लागणारं खत, वैरण, बी होता होईल तो त्याच्याच अंगातून यायला हवं. बाहेरून शेणखताच्या गाड्या आणून त्यावर शिंगखत शिंपडलंत, तर चांगलं सेंद्रिय शेत होईल. पण तुमच्या जमिनीतला चारा तुमच्याच जनावराच्या पोटातून फिरून परत त्याच जमिनीत जातो, तेव्हा तीन-चार वर्षांनी माती, गवत आणि गाय एकमेकांच्या मापाची होतात. आमच्या गोठ्यातल्या आताच्या गायी याच जमिनीवर जन्मलेल्या, त्यांच्या आयाही इथल्याच. कुठला चारा आधी खायचा, पावसात बांधाच्या कोणत्या कडेला उभं राहायचं, हे त्यांना कुणी शिकवलेलं नाही.

आता आकडे. ४०० किलोच्या गायीला दिवसाला साधारण १० ते १२ किलो कोरडा चारा लागतो. ओल्या चाऱ्यात मोजलंत तर ४०-५० किलो. वर्षाला कोरडा चारा चार टनांच्या घरात जातो. इतकी वैरण पिकवायला पाण्याच्या सोयीप्रमाणे एक ते दीड एकर जातो, हा आमचा अनुभव. म्हणजे पाच एकरांत दोन गायी आणि त्यांची वासरं, त्याहून जास्त नाही. तिसरी गाय घ्यायचा मोह आम्हालाही झाला होता, घेतलीही, आणि त्या वर्षी उन्हाळ्याच्या शेवटी वैरण विकत आणावी लागली. पुढच्या हंगामाआधी ती आम्ही दुसऱ्या घरी दिली. उलट बाजूनं पाहा: एक गाय दिवसाला १५ किलोच्या आसपास शेण देते, म्हणजे वर्षाला पाच-साडेपाच टन. त्यातलं काही चरताना रानातच पडतं, उरलेलं कुजताना निम्म्याहून कमी होतं. दोन गायी, वासरं, गोठ्यातलं काडाचं अंथरूण आणि शेतातला काडीकचरा मिळून आम्हाला वर्षाला पाच-सहा टन तयार खत मिळतं. एक एकर भाजीपाल्याला भरपूर आणि धान्याला थोडं, एवढंच ते पुरतं. म्हणून भाजी एक एकरच ठेवा. जमीन आहे म्हणून दोन एकर लावू नका. खत पुरणार नाही आणि खुरपणीला तुम्हीही पुरणार नाही.

आमच्या जमिनीची वाटणी अशी आहे: अडीच एकर वैरण आणि चराई, त्यात लसूणघासासारखी द्विदल पिकं आलीच, एक एकर भाजी, एक एकर धान्य, तेही दर वर्षी जागा बदलून, आणि उरलेला अर्धा एकर झाडं, कुंपणाची झुडपं, एक छोटं तळं. हा अर्धा एकर ‘वाया’ नाही. बायोडायनॅमिक शेतीच्या डिमीटर या प्रमाणपत्राच्या नियमांतही शेताचा दहावा हिस्सा जैवविविधतेसाठी राखावा लागतो. आमच्या भाजीवरचा मावा खाणारे ढालकिडे याच झुडपांत थंडी काढतात. तिथे नांगर घालायचं कधी मनातसुद्धा आणू नका.

दिवस पहाटे पाचला सुरू होतो. पहिली धार, मग शेण. शेणाकडे रोज नीट बघायची सवय लावून घ्या. फार पातळ असेल तर चारा कोवळा आणि ओला आहे, त्यात वाळलेली वैरण मिसळा. गोवरीसारखं घट्ट, थर पडलेलं असेल तर पाणी कमी पडतंय किंवा चारा फार जून झालाय. आमच्याकडे गायीच्या तब्येतीचं निम्मं निदान खराट्यानं झाडताना होतं. ऊन चढायच्या आत भाजीची काढणी, मग न्याहारी, मग खुरपणी किंवा लावणी. दुपारी ऊन असेल तर बी स्वच्छ करणं, अवजारं, हिशेब. पाचला दुसरी धार. संध्याकाळी एक फेरी, हातात काही न घेता. एकानं आजारी पडायचं म्हटलं तरी दुसऱ्याला दोन्ही धारा काढता यायला हव्यात. ज्या जोडप्यांनी असं शेत सोडलं, त्यांच्यात बहुतेक वेळा एकालाच धार काढता येत होती. शिवाय धार काढू शकणारा तिसरा माणूस शेजारपाजारी आधीच हेरून ठेवा. नाहीतर पाच वर्षं घरातल्या कुणाच्या लग्नालाही दोघांना एकत्र जाता येणार नाही.

खताच्या ढिगावर जरा थांबते, कारण इथेच नवीन माणूस घाई करतो. बुडाशी दीड मीटर रुंद, तेवढाच उंच, लांबी मिळेल तेवढी. खाली जाड काटक्या, म्हणजे हवा खेळते. त्यावर शेण, काड, हिरवा पाला असे वीतभर थर. कर्ब आणि नत्राचं प्रमाण २५ ते ३० ला १ हवं असं पुस्तकी गणित आहे. हाताला ते असं कळतं: सगळं ओलं-हिरवं घातलं तर ढिगातून अमोनियाचा झणझणीत वास येतो, सगळं वाळलेलं घातलं तर आठवडाभरानंतरही ढीग गारच. ओलावा मुठीत दाबून बघा. बोटांमधून एखाद-दुसरा थेंब यावा, धार लागू नये. तिसऱ्या दिवशी एक लोखंडी सळई ढिगाच्या मधोमध खुपसायची, दहा मिनिटांनी काढायची आणि टोकाला मूठ लावायची. चटका बसून हात मागे आला की ५५ ते ६५ अंशांच्या मध्ये आहोत, ठीक आहे. सळई कोमट लागली तर ढीग मोडून पुन्हा रचा, त्यात कमीपणा नाही. ७० च्या वर जाऊ देऊ नका. आतून राखेसारखी पांढरी बुरशी धरते आणि नत्र उडून जातं.

ढीग रचून झाला की त्यात पाच भोकं पाडायची, हातभर खोल. त्यांत ५०२ ते ५०६ ही मिश्रणं (बायोडायनॅमिक मिश्रणं अशा क्रमांकांनीच ओळखतात), प्रत्येकाचं लहान चमचाभर: यॅरोची फुलं, कॅमोमाइलची फुलं, खाजरं नेटल, ओकची साल, डँडेलायनची फुलं. नेटल नुसतंच जमिनीत मुरवलेलं असतं, बाकीची चार जनावरांच्या निरनिराळ्या अवयवांच्या आवरणात मुरवलेली. ५०७ म्हणजे व्हॅलेरियनचा रस, तो पाण्यात ढवळून वरून शिंपडायचा. ही सगळी सुरुवातीला स्वतः बनवायच्या फंदात पडू नका. अनुभवी शेतकऱ्याकडून घ्या. पहिल्या वर्षी एकच मिश्रण स्वतः करा: ५००, शिंगखत.

शिंग गायीचंच हवं, बैलाचं नाही. आत दुभत्या गायीचं ताजं शेण ठासून भरायचं, हवेची पोकळी राहू द्यायची नाही. थंडीच्या तोंडावर हात-दीड हात खोल खड्ड्यात पुरायचं, थंडी सरली की काढायचं. आमची पहिली खेप फुकट गेली. खड्डा सखल जागी घेतला होता, पावसाचं पाणी आत उतरलं आणि शिंगं उघडली तर शेण जसं घातलं होतं तसंच, हिरवट, घाण वासाचं. दुसऱ्या वर्षी उंचावर, निचऱ्याच्या मातीत पुरलं. त्या वेळी शिंग दगडावर हलकेच आपटल्यावर आतून जे निघालं ते काळसर तपकिरी, ओलसर, बोटांत चुरडलं की लोण्यासारखं मऊ. वास शेणाचा उरलाच नव्हता. झाडाखालचा पालापाचोळा बाजूला सारून खालची माती हुंगावी, तसा. नवरा ओंजळ नाकाशी धरून बराच वेळ तसाच उभा होता. पाच एकरांना वर्षात दोनदा फवारायला आठ-दहा शिंगं पुरतात. तयार शिंगखत अंधाऱ्या, गार जागी मातीच्या भांड्यात ठेवा आणि वाळू देऊ नका.

एकराला २५ ते ३० ग्रॅम शिंगखत, १३ ते १५ लिटर पाणी. नळाचं क्लोरिनचं पाणी असेल तर रात्रभर उघडं ठेवा. पिंपात काठीनं एका दिशेला ढवळत जायचं, तळापर्यंत भोवरा पडला की दिशा बदलायची. पाणी खळबळून फेसाळतं, मग पुन्हा भोवरा. हे एक तास, न थांबता. आम्ही आळीपाळीनं ढवळतो. संध्याकाळी, जमिनीत ओल असताना, कुंचल्यानं मोठे थेंब मातीवर उडवत जायचं आणि दोन-तीन तासांत संपवायचं. ५०१ याच्या उलट आहे: दळलेला स्फटिक शिंगात भरून उन्हाळाभर पुरतात, एकराला अवघा एक ग्रॅम पुरतो, तोही तासभर ढवळून, आणि सकाळी लवकर बारीक तुषारांनी पानांवर फवारायचा. त्याची बाटली उजेडात, खिडकीत ठेवतात. कोवळ्या रोपांवर आणि कडक कोरड्या उन्हात ५०१ मारू नका, पानं करपतात. आणि स्फटिक घरी दळणार असाल तर ओला दळा आणि नाकातोंडावर चांगला मास्क बांधा. ती धूळ फुप्फुसात कायमची बसते. याबद्दल फार कमी लोक सांगतात, म्हणून मुद्दाम सांगते.

याचा उपयोग होतो का? जे मोजलं गेलंय ते आधी सांगते. स्वित्झर्लंडमधल्या थेरविल इथे १९७८ पासून बायोडायनॅमिक, सेंद्रिय आणि रासायनिक शेती शेजारी-शेजारी तुकड्यांवर चालू आहे. २००२ मध्ये आलेल्या २१ वर्षांच्या निष्कर्षांत पहिल्या दोन पद्धतींचं उत्पादन सरासरी २० टक्क्यांनी कमी निघालं, पण खत आणि ऊर्जा ३४ ते ५३ टक्के कमी लागली, कीडनाशकं ९७ टक्के कमी. माती जास्त जिवंत राहिली. मात्र तिथल्या बायोडायनॅमिक तुकड्यांना कुजवलेलं कंपोस्टही मिळतं, त्यामुळे श्रेय कंपोस्टचं किती आणि मिश्रणांचं किती, हे त्यावरून ठरत नाही. अमेरिकेत २००० साली प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगात मिश्रणं घातलेला ढीग सरासरी ३.४ अंश जास्त गरम राहिला आणि शेवटी त्यात नायट्रेट ६५ टक्के जास्त निघालं. त्याच संशोधकांनी मातीत पाहिलं तेव्हा कंपोस्टचा फरक स्पष्ट दिसला, मिश्रणांचा वेगळा असा दिसला नाही. म्हणून कुणी तुम्हाला सांगितलं की शिंगखत फवारा, खताचं नंतर बघू, तर ऐकू नका.

मी तरीही दर वर्षी ढवळते, आणि मनापासून ढवळते. संध्याकाळी बादली घेऊन पाचही एकर पायांखालून जातात, प्रत्येक वाफ्याशी थांबावं लागतं, आणि कुठे माती टणक झालीय, कुठे गांडुळांची विष्ठा वाढलीय, हे त्या दोन फेऱ्यांत जितकं दिसतं तितकं एरवी दिसत नाही. आमची माती बावीस वर्षांत बदलली. सुरुवातीला फावडं टेकलं की ढेकूळ निघायचं, आता चहापूडीसारखी रवाळ माती निघते. यातलं किती शिंगखतानं आणि किती शेणखतानं, असं मला विचारलंत तर मी ते वेगळं करून दाखवू शकत नाही, आणि आता करायची गरजही वाटत नाही.

वेळापत्रकाबद्दल. जर्मनीतल्या मारिया थुन यांनी मुळ्याच्या पेरण्यांवरून निरीक्षणं केली आणि १९६३ पासून वार्षिक पेरणीपत्रक काढलं. चंद्र ज्या तारकासमूहातून जात असेल त्याप्रमाणे मूळ, पान, फूल आणि फळ असे दिवस. चंद्राची फेरी सत्तावीस दिवसांची, त्यामुळे तोच प्रकार साधारण नवव्या दिवशी पुन्हा येतो. आमच्या तिसऱ्या वर्षी गाजराची पेरणी राहिली होती, दोन दिवस पाऊस झाला होता, आणि ‘मूळ’ दिवस दुसऱ्या दिवशी दुपारी संपत होता. वाफसा नव्हता. मातीचा गोळा केला तर तो फुटत नव्हता, उलट चकाकत होता. मला ते दिसत होतं. तरी नऊ दिवस थांबायचं नको म्हणून पेरलं. वर पापडी धरली, निम्मं बी उगवलंच नाही, आणि जे उगवलं त्याला खाली घट्ट थर लागल्यानं दोन-दोन टोकं फुटली. काढणीच्या वेळी ओळींच्या मधे माझ्याच टाचांचे ठसे दगडासारखे घट्ट होते. तेव्हापासून आमच्याकडे आधी वाफसा, मग हवामान, मग हाताशी असलेली माणसं आणि चौथ्या क्रमांकावर वेळापत्रक. एकाच आठवड्यात दोन चांगले दिवस असतील तर त्यातला पत्रकात बसणारा निवडतो.

घर चालतं का? भाजी, दूध आणि थोडं धान्य यांवर आमचं चौथ्या वर्षापासून चाललं. तोपर्यंत नवऱ्याची अर्धवेळ नोकरी होती. तुमच्यापैकी एकानं पहिली तीन वर्षं नोकरी सोडू नये, हे मी अगदी आग्रहानं सांगते. एक एकराची भाजी बाजारात घाऊक विकून दोघांचं पोट भरत नाही; खाणाऱ्याला थेट द्यावी लागते. हंगामाच्या आधी पैसे देऊन दर आठवड्याला टोपली नेणारी कुटुंबं जोडली तर बियाण्याच्या वेळी हातात पैसा असतो आणि गारपीट झाली तरी नुकसान एकट्याच्या डोक्यावर येत नाही. अमेरिकेत ही पद्धत १९८६ मध्ये बायोडायनॅमिक विचारांच्या दोन शेतांवरच सुरू झाली, मॅसॅच्युसेट्समधलं इंडियन लाइन फार्म आणि न्यू हॅम्पशरमधलं टेंपल-विल्टन. टेंपल-विल्टनमध्ये शेताचा वर्षाचा खर्च सभेत मांडतात आणि प्रत्येक कुटुंब ऐपतीप्रमाणे आपला वाटा सांगतं. आम्ही पंधरा कुटुंबांपासून सुरुवात केली आणि दोन वर्षं एकही वाढवलं नाही. प्रमाणपत्राची घाई करू नका. ते नसताना डिमीटर हे नाव वापरता येत नाही एवढं लक्षात ठेवा. लोक ओळखीचे असतील, शेतावर येऊन बघत असतील, तर पहिली काही वर्षं त्याशिवाय निभावतं.

या वर्षी काय कराल? गाय घेऊ नका. दीड-दोन एकरांवर लसूणघास आणि गवत लावा, कुंपणाला झुडपं लावा, आणि दुसऱ्या कुणाच्या गोठ्यात एक अख्खा हिवाळा रोज धारा काढायला जा, दोघंही. मिळेल तिथलं शेण आणून एक ढीग रचा आणि सळई लावून शिका. पुढच्या वर्षी वैरण गंजीत पडली की पहिली गाय आणा, शिंगं असलेली; शिंगं काढायला डिमीटरच्या नियमांतही मनाई आहे. शिंगाच्या गायींना जागा जास्त लागते. गोठ्याला दोन दारं ठेवा आणि बंद कोपरा ठेवू नका, म्हणजे दुबळ्या गायीला पळायला वाट राहते. आणि गोठ्याची जमीन बांधून घेतानाच उतार नीट काढून मूत एका पक्क्या खड्ड्यात जाईल असा पाट करा. आमचा पाट पाचव्या वर्षी झाला, तोवरचं सगळं मूत नाल्यात गेलं.